घोंगडी आणि तिची मेंढी

आमच्या देवणी गावाचे नाव परमुलखात कोणी घेतले, तर ते बहुधा बैलासाठीच घेतले जाते. तोंडाशी काळा तो वानेरा, सर्वांग पांढरा तो बाळंक्या आणि पांढऱ्या अंगावर काळे ठिपके असलेला तो शेवरा, अशी देवणी जातीची तीन वाणे येथील शेंबडे पोरही ओळखते. ट्रॅक्टर आले, तरी ज्याच्या दावणीला शुद्ध वाणाचा वळू आहे, त्याचा गावात मान आहे. परंतु ह्याच माळरानावर, ह्याच बैलांच्या शेजारी, पिढ्यान्पिढ्या चरत आलेले दुसरे एक जनावर आहे. त्याचे वाण कोणते, ते शुद्ध राहिले की नाही, ह्याची चौकशी आम्ही कधी केली नाही. हे जनावर म्हणजे दख्खनी काळी मेंढी. तिची आठवण मला झाली, तीही एका घरगुती निमित्ताने. ते निमित्त आणि त्यातून निघालेला विचार वाचकांपुढे ठेवावा, एवढाच ह्या लेखाचा हेतू आहे.

गतवर्षी श्रावणात आमच्या धाकट्या सूनबाईंनी माळ्यावरच्या वळकट्या उन्हात घालण्यासाठी खाली काढल्या. आमचे घर एकत्र कुटुंबाचे. पाहुण्यारावळ्यांसाठी अंथरूण-पांघरूण भरपूर. त्यात वडिलांच्या वेळची एक काळी घोंगडी होती. नांदेड जिल्ह्यातील माळेगावास मार्गशीर्षात खंडोबाची मोठी यात्रा भरते. तेथे वडिलांनी ती घेतली होती. तिला कसर लागून चाळण झालेली. सूनबाई म्हणाल्या, “मामंजी, ही आता टाकावी लागणार. पण अशीच नवीन मिळाली, तर बरे होईल. बाकीची पांघरुणे अंगाला नुसती चिकटतात.” मी म्हणालो, “त्यात काय अवघड? आणून देतो.” आणि तेथून माझी पायपीट सुरू झाली.

देवणीच्या बाजारात घोंगडी म्हणून जे दाखविण्यात आले, ते पानिपतचे यंत्रावर झालेले पांघरूण होते. उदगीरलाही तोच प्रकार. पाश्चात्त्य देशांत टाकून दिलेले लोकरी कपडे गठ्ठ्यांनी पानिपतास येतात, तेथे ते फाडून, पिंजून त्यांचा पुन्हा धागा काढतात आणि त्याची स्वस्त कांबळी होतात. हल्ली तर त्यातही कृत्रिम धाग्याची भर असते. माल वाईट असे मी म्हणत नाही. गोरगरिबाचे थंडीपासून रक्षण त्याने होते. पण मला हवी होती ती वस्तू ही नव्हे. शेवटी ओळखीओळखीने उदगीरच्या बाजूला एका खेड्यात एका वृद्ध सणगर विणकऱ्याच्या घरी मी पोचलो. त्यांना मी पूर्वीपासून मामा म्हणतो. त्यांच्या ओसरीतला माग जागच्या जागी होता. मी मागणी सांगितली, तेव्हा मामा हसले आणि म्हणाले, “गुरुजी, माग हाय, हात बी हायत. पर लोकर कुटं हाय?”

हा प्रश्न मी घरी घेऊन आलो. मेंढ्यांचे कळप तर अजून दररोज रस्त्यावर आडवे येतात. मग लोकर नाही, हे कसे?

घोंगडी कशी होते

उत्तराकडे जाण्यापूर्वी घोंगडी होते कशी, हे सांगितले पाहिजे. कारण आपल्या घरांत ती वापरली सर्वांनी, पण होताना पाहिली थोड्यांनीच.

दख्खनी मेंढीची लोकर वर्षातून दोनदा कातरतात. कातरण्यापूर्वी कळप ओढ्यात घालून धुतात, वाळू देतात आणि मग मोठ्या कातरीने लोकर उतरवितात. एका मेंढीपासून वर्षाकाठी अर्धा किलोच्या आसपास लोकर निघते. एका चांगल्या घोंगडीस दोन-तीन किलो लागते. म्हणजे तुमच्या अंगावरच्या एका घोंगडीमागे चार ते सहा मेंढ्यांचे वर्ष उभे असते. कोकराच्या पहिल्या कातरणीची लोकर सर्वांत मऊ. तिला धनगर ‘जावळ’ म्हणतात. आपल्या बाळाच्या पहिल्या केसांना आपण जो शब्द वापरतो, तोच. जावळाची घोंगडी पूर्वीपासून महाग, आणि तिचा मान मोठा.

उतरविलेली लोकर रंगाप्रमाणे निवडतात: काळी, करडी, पांढरी. रंग घालण्याची चाल नाही; मेंढीचा जो रंग, तोच घोंगडीचा. मग ती पिंजतात आणि बायका चरख्यावर तिचा धागा काढतात. हे सूतकाम फार वेळ खाते. विणणारा एक, तर त्याला पुरेसे सूत द्यावयास दोन-तीन बायकांचे हात लागत. नाव मात्र विणणाऱ्याचे होते.

पुढचे काम पहाटेचे. उभे धागे, म्हणजे ताणा, अंगणात किंवा गल्लीत लांबवर ताणून लावतात आणि त्यांना चिंचोक्याची खळ देतात. चिंचोके भाजून, सोलून, भिजवून वाटतात आणि शिजवून त्यांची लापशीसारखी खळ करतात. ती मोठ्या कुंच्याने धाग्यांवर सारखी ओढतात, म्हणजे लोकरीचे उडते केस बसतात आणि धागा मागावरचा ताण सोसतो. ऊन चढले की खळ भराभर सुकून धागे एकमेकांस चिकटतात. म्हणून हे काम दिवस वर येण्याच्या आत उरकावे लागते.

माग जमिनीतल्या खड्ड्याचा. विणकरी खड्ड्याच्या काठावर बसतो, पाय खाली सोडून पायपट्ट्या दाबतो, हाताने धोटा फेकतो आणि फणीने बाणा ठोकतो. शेवटी मागावरून उतरविलेली घोंगडी पाण्यात भिजवून पायांनी तुडवितात. त्यामुळे लोकरीचे तंतू एकमेकांत गुंततात, वीण आखडते आणि कापड दाट होते. पावसाची सर ह्या कापडावरून बरीचशी निथळून जाते, ती ह्या दाटपणामुळे. शिवाय लोकर आपल्या वजनाच्या सुमारे तिसऱ्या हिश्श्याएवढा ओलावा पोटात घेऊनही अंगाला ओली लागत नाही. म्हणूनच घोंगडीची खोळ डोक्यावर घेऊन आमचे शेतकरी आषाढभर चिखलात उभे राहात. मात्र एकदा ती पुरती भिजली, की दिवसेंदिवस वाळत नाही. न सुटणाऱ्या प्रश्नाला आपण ‘भिजत घोंगडे’ म्हणतो, ते हा अनुभव घेऊनच.

ओसरी आणि माजघर

ही वस्तू धनगर-शेतकऱ्यांची, तिचा आपल्या घरांशी काय संबंध, असे एखाद्या वाचकाच्या मनात येईल. त्यांनी आपल्या आजीची धाबळी आठवावी. सोवळ्याच्या स्वयंपाकाला, कुळधर्माला, श्राद्धपक्षाला धाबळी नेसल्याखेरीज आमच्या आजीने चुलीला हात लावला नाही. सुती कापडाला विटाळ, पण रेशमाला आणि लोकरीला तो नाही, असा आपला संकेत. जपाला बसावयाचे, तर कंबलासन प्रशस्त. गावच्या पंचांनी निवाडा करावयाचा, तोही घोंगडी अंथरून तिच्यावर बसून.

आपल्या वाङ्मयाचे धागेही तेथेच जाऊन मिळतात. ऋग्वेदातील नदीसूक्तात सिंधूला ‘ऊर्णावती’, म्हणजे लोकरीने समृद्ध, असे म्हटले आहे. बृहदारण्यकोपनिषदात गार्गी वाचक्नवी याज्ञवल्क्यांस विचारते, की हे सर्व ज्यात ओतप्रोत आहे, ते कोणते? ‘ओतप्रोत’ हा शब्द आपण रोज वापरतो. तो मागावरचा आहे. ओत आणि प्रोत, दोन्हींत विणण्याचाच धातू आहे. ब्रह्माविषयीचा एवढा खोल प्रश्न विचारताना त्या विदुषीला विणकराच्या मागाहून योग्य उपमा सापडली नाही.

आणि तरीही, माझ्या लहानपणी धाबळी घेऊन येणारा विणकरी आमच्या ओसरीच्या पायरीवर बसे. त्याला पाणी वरून ओतले जाई. त्याची धाबळी पाण्याने शिंपडून थेट माजघरात, देवघरापर्यंत जाई. तो स्वतः पायरीच्या आत कधी आला नाही. त्या वेळी ह्यात विसंगत असे काही आहे, हे आम्हां कोणाच्याच मनात आले नाही. आज हे लिहिताना लेखणी थोडी अडखळते.

मेंढी बदलली

आता मामांच्या प्रश्नाकडे वळू. लोकर कोठे गेली? ती मेंढीबरोबर गेली.

दख्खनी मेंढीची लोकर जाड आणि केसाळ. तिच्या तंतूची जाडी सरासरी ५० मायक्रॉनच्या आसपास भरते. उलट मेरिनो मेंढीचा तंतू २० च्या आसपास. त्यामुळे गिरणीवाल्यांना दख्खनी लोकर नको असते. स्वातंत्र्यानंतर सरकारने मेरिनो आणि राम्बुये ह्या परदेशी जातींचे नर आणून संकर करण्याचे प्रयत्न केले. उद्देश चांगला होता: लोकर मऊ व्हावी, भाव वाढावा. पण वर्षातले सात-आठ महिने रोज मैलोगणती चालणे, उन्हाळ्यात बाभळीच्या शेंगांवर भागविणे आणि मृगाचा पाऊस उघड्यावर झेलणे, हे त्या परदेशी रक्ताला मानवणारे नव्हते. तो प्रयोग धनगरांत रुजला नाही.

त्यानंतर बाजारानेच निर्णय दिला. मटणाचा भाव वर्षानुवर्षे चढत गेला आणि लोकरीचा भाव इतका उतरला, की कातरणाऱ्याची मजुरीही तिच्यातून निघेना. आज कित्येक ठिकाणी कातरलेली लोकर बांधावर टाकून देतात. अशा स्थितीत धनगराने काय करावे? त्याने सांगली जिल्ह्यातल्या माडग्याळचा किंवा आंध्रातल्या नेल्लोरचा नर कळपात सोडला. ह्या मेंढ्या उंच, अंगाने भरलेल्या, आणि त्यांच्या अंगावर लोकर जवळजवळ नाहीच. मांस अधिक, कातरणीचा खर्च नाही. हिशेब बिनचूक आहे. त्याला दोष देण्याचा मला अधिकार नाही. कळप पूर्वीसारखेच रस्त्यावर दिसतात, परंतु निरखून पाहिले, तर काळ्याऐवजी तांबड्या-पांढऱ्या, गुळगुळीत अंगाच्या मेंढ्याच त्यांत अधिक. मामांचा माग ज्या लोकरीवर चालत होता, ती ह्या मेंढ्यांच्या अंगावर उगवतच नाही.

आमचा उदगीरचा टापू १९५६ च्या राज्यपुनर्रचनेपर्यंत बीदर जिल्ह्यात होता. मराठीतली घोंगडी, कानडीतली कंबळी आणि तेलुगूतली गोंगडि येथे एकाच बाजारात भेटत. तिन्ही भाषांच्या विणकऱ्यांची आज हीच तक्रार आहे. हातमागाचा ऱ्हास म्हटला, की आपण गिरणीला, यंत्राला, फार तर विणकऱ्याच्या मुलांना दोष देतो. येथे मात्र मागाच्या आधीची पायरी ढासळली. कापसाचे बी पुढल्या हंगामात पुन्हा पेरता येते. मेंढीचे वाण एकदा कळपातून गेले, की विणकरी कितीही कुशल असला, तरी तो ते मागावर उत्पन्न करू शकत नाही.

सातासमुद्रापलीकडची साक्ष

हे दुःख केवळ आपलेच नाही, आणि त्यावर उपाय नाही असेही नाही. ह्यासाठी वाचकांनी क्षणभर माझ्याबरोबर अमेरिकेत यावे. तेथे युरोपियन लोक जाण्यापूर्वीपासून राहात असलेल्या मूळ रहिवाशांत विणण्याची विद्या फार जुनी आहे. तिच्या इतिहासातील काही प्रसंग आपल्या घोंगडीशी विलक्षण जुळतात.

उत्तर अमेरिकेच्या पश्चिम किनाऱ्यावर, आजच्या वॉशिंग्टन राज्यात आणि कॅनडाच्या ब्रिटिश कोलंबिया प्रांतात, सालिश नावाचे लोक राहतात. त्यांच्याकडे पूर्वी मेंढ्या नव्हत्या. त्यांच्या बायका पांढऱ्या, दाट केसांचे कुत्रे पाळीत, इतर कुत्र्यांशी संकर होऊ नये म्हणून त्यांस वेगळ्या बेटांवर ठेवीत, मेंढीसारखे कातरीत आणि ते केस रानबकऱ्याच्या लोकरीत मिसळून मानाची पांघरुणे विणीत. गोऱ्या व्यापाऱ्यांची गिरणीतली कांबळी आली, रोगराईने वस्त्या ओस पडल्या, परकी सत्तेने जुन्या चालीरीती दडपल्या, आणि हे कुत्र्यांचे वाण एकोणिसाव्या शतकातच नष्ट झाले. १८५९ मध्ये मेलेल्या ‘मटन’ नावाच्या अशा एका कुत्र्याचे कातडे वॉशिंग्टन शहरातील स्मिथसोनियन संग्रहालयात आहे. २०२३ मध्ये शास्त्रज्ञांनी त्याची आनुवंशिक तपासणी केली, तेव्हा हे वाण हजारो वर्षे निराळे जपले गेले होते, असे दिसून आले. सालिश स्त्रिया आज पुन्हा विणू लागल्या आहेत, पण मेंढीच्या लोकरीने. ते कुत्रे परत येणार नाहीत.

दक्षिणेकडे, पेरू देशाच्या अँडीज पर्वतात, लामा आणि अल्पाका ही लोकर देणारी जनावरे आहेत. इंका राजांच्या अमदानीत तलम कापडाची किंमत सोन्याहून अधिक धरीत. एल याराल नावाच्या ठिकाणी सुमारे हजार वर्षांपूर्वी पुरलेले लामा-अल्पाका सापडले. त्यांची लोकर आजच्या पुष्कळ कळपांपेक्षा तलम आणि एकसारखी आढळली. स्पॅनिश आक्रमणानंतर कळप उद्ध्वस्त झाले आणि निवडीने जपलेले वाण मिसळून गेले, त्याचा हा परिणाम. तेथील चिंचेरो गावच्या निल्डा कायान्याउपा ह्या विणकर बाईंनी इतरांच्या साह्याने १९९६ मध्ये कुस्को येथे पारंपरिक वस्त्रांचे केंद्र उभारले. कंबरेला पट्टा बांधून चालविण्याचा जुना माग आणि झाडपाल्याचे रंग त्यांनी तरुण मुलींच्या हाती पुन्हा दिले.

परंतु आपल्याला सर्वांत जवळची कथा आहे ती अमेरिकेच्या नैर्ऋत्येकडील नावाहो लोकांची. ते स्वतःस दिने म्हणवितात. स्पॅनिश लोकांबरोबर आलेली चुरो नावाची मेंढी त्यांनी आपलीशी केली. लांब, सरळ, तेलकटपणा कमी असलेल्या तिच्या लोकरीवर त्यांच्या बायकांनी उभ्या मागावर जी जाजमे आणि पांघरुणे विणली, ती जगप्रसिद्ध झाली. विणण्याची विद्या आपल्याला ‘कोळीण-माते’ने, म्हणजे जाळे विणणाऱ्या कोळ्याच्या रूपातील देवतेने शिकविली, अशी त्यांची श्रद्धा आहे. हे वाचले, तेव्हा मी थबकलो. संस्कृतात कोळ्याला ‘ऊर्णनाभ’ म्हणतात, म्हणजे ज्याच्या नाभीत लोकर आहे तो. आणि मुंडकोपनिषदात सृष्टीच्या उत्पत्तीला त्याचाच दृष्टांत दिला आहे. ज्यांची एकमेकांस वार्ताही नव्हती, अशा दोन लोकांना कोळी पाहून लोकर आणि वीणच आठवावी, हे मोठे नवल.

ह्या दिने लोकांच्या मेंढ्यांवर दोनदा कुऱ्हाड पडली. १८६३-६४ मध्ये किट कार्सन ह्याच्या अमेरिकन फौजेने त्यांची पिके आणि कळप नष्ट केले आणि हजारो लोकांना शेकडो मैल चालवीत बॉस्क रेडोंडो येथे नेऊन डांबले. १८६८ च्या तहाने ते मायदेशी परतले, तेव्हा तहात एक कलम असे होते, की सरकारने त्यांना १५,००० मेंढ्या-बकऱ्या विकत घेऊन द्याव्यात. त्यांनी त्या वाढविल्या. पुढे १९३० नंतरच्या दशकात, चराईने जमीन धुपते म्हणून, सरकारने त्यांचे कळप सक्तीने कमी केले. कित्येक ठिकाणी डोळ्यांदेखत मेंढ्या मारल्या. ह्याच काळात ‘सुधारणा’ म्हणून राम्बुये नर त्यांच्या कळपांत आणले जात होते. आपल्याकडे पुढे आले, तेच राम्बुये! त्या संकरित मेंढीची लोकर आखूड, कुरळी आणि तेलकट. पाण्याचे दुर्भिक्ष असलेल्या त्या प्रदेशात ती धुऊन हाताने कातणे बायकांना जड जाई.

१९७० नंतर मूळ चुरो मेंढ्या पाचशेहूनही कमी उरल्या. तेव्हा पशुविज्ञान शिकविणारे लायल मॅक्नील ह्यांनी १९७७ मध्ये दूरच्या खोऱ्यांतून, एकाकी कळपांतून जुन्या वळणाच्या मेंढ्या शोधून आणून त्यांची पैदास सुरू केली आणि त्या दिने कुटुंबांना परत देण्याचा क्रम ठेवला. १९८६ मध्ये ह्या जातीची नोंद ठेवणारी संस्था निघाली. १९९१ मध्ये दिने लोकांनी स्वतःची संस्था काढली. त्यांच्या मेळाव्याचे नावच ‘मेंढी म्हणजे जीवन’ असे आहे. आज चुरो मेंढ्या काही हजारांवर गेल्या आहेत आणि त्यांच्या लोकरीची जाजमे पुन्हा विणली जात आहेत.

सालिशांचा कुत्रा गेला. दिने लोकांची मेंढी वाचली. दोहोंतला फरक एवढाच, की दुसऱ्या ठिकाणी अखेरच्या चार-पाचशे मेंढ्या उरल्या असताना कोणीतरी त्या मोजावयास निघाले.

माझ्या पदरची गोष्ट

येथे मला एक कबुली द्यावयाची आहे. मामांचा मुलगा माझा विद्यार्थी. ह्या गोष्टीला पस्तीस वर्षे तरी झाली असतील. तो सातवीत असताना वारंवार उशिरा येई. एकदा मी कारण विचारले, तर म्हणाला, “सकाळी ताण्याला खळ द्यायची व्हती, गुरुजी.” त्याच्या बोटांना खळ चिकटलेली होती. मी सगळ्या वर्गापुढे म्हणालो, “अरे, शीक काही! नाही तर बापासारखा जन्मभर खड्ड्यात पाय सोडून बसशील.” मुले हसली. तोही हसला. तो पुढे खरोखर शिकला, पुण्यास नोकरीला लागला, त्याचे चांगले झाले. मी त्या यशात माझा वाटा मोजीत असे.

मुलाला शिकविले, ह्याचा मला पश्चात्ताप नाही. त्याने मागावरच बसावे, असा हट्ट धरणारा मी कोण? पण जी विद्या त्याच्या घरी पहाटे चालत होती, तिला मी खड्डा म्हणालो. गार्गीचे ‘ओतप्रोत’ मी वर्गात मोठ्या अभिमानाने समजावून सांगितले. त्याचा अर्थ ज्याच्या बोटांना चिकटलेला होता, त्याला मात्र हसे केले. गेल्या वर्षी हे मी मामांजवळ बोललो. ते क्षणभर गप्प राहिले आणि म्हणाले, “तुमी म्हणलेलं खरंच झालं की, गुरुजी. पोरगं सुखात हाय.” त्यांच्या बोलण्यात टोमणा नव्हता. त्यामुळेच ते मला अधिक लागले.

त्यानंतर आम्ही दोघे मिळून लोकर शोधावयास निघालो. बीदरच्या वाटेवर एका धनगराच्या कळपात वीसेक जुन्या वळणाच्या काळ्या मेंढ्या निघाल्या. तो लोकर टाकूनच देणार होता. विकत घेतो म्हटल्यावर त्याला हसू आले. मामींनी चरखा खाली काढला. पाच महिन्यांनी घोंगडी तयार झाली. मामांनी साडेतीन हजार रुपये सांगितले. दुकानात पाचशेत पांघरूण मिळते, हे मनात आले खरे. पण मामींचे सूतकाताईचे दिवस आणि मामांचे विणण्याचे दिवस मोजले, तर रोजगारी शेतमजुराहूनही कमी पडत होती. मी घासाघीस केली नाही.

आपल्या हाती काय आहे

मोठमोठ्या योजनांविषयी बोलण्याचा माझा वकूब नाही. संसारी माणसांना करता येण्याजोग्या तीन-चार गोष्टी तेवढ्या सांगतो.

पहिली गोष्ट, घोंगडी हवी असेल, तर ती तयार शोधू नये. कातरणीपूर्वी मागणी द्यावी आणि थोडी रक्कम आगाऊ द्यावी. चार घरांनी मिळून मागणी दिली, तर धनगराला लोकर जपून ठेवण्यास कारण मिळते. एका घराची मागणी म्हणजे हौस. दहा घरांची म्हणजे बाजार.

दुसरी, माल पारखून घ्यावा. कडेचा एक धागा काढून जाळून पाहावा. खरी लोकर जळताना केस जळल्याचा वास येतो आणि तिची राख बोटांत चुरते. कृत्रिम धागा वितळून त्याची कडक गुठळी होते. टोचते, म्हणून घोंगडी नाकारू नये. खाली एक सुती चादर घेतली, की टोचणी जाते आणि ऊब राहते.

तिसरी गोष्ट ज्यांची अजून शेती आहे त्यांच्यासाठी. आपण खतासाठी शेतात मेंढरे बसवितो आणि धनगराला धान्य किंवा पैसे देतो. त्याच वेळी त्याला विचारावे, की कळपात काळा नर आहे काय? एखादा चांगला काळा नर राखण्यासाठी दोन पायल्या ज्वारी अधिक द्यावी लागली, तर ती द्यावी. देवणी वळूसाठी आपण हे करीतच आलो आहो.

चौथी, असलेली घोंगडी जपावी. गार पाण्यात धुवावी, पिळू नये, पसरून सावलीत वाळवावी. पावसाळ्यानंतर कडक ऊन दाखवून, कडुनिंबाचा वाळला पाला घालून, सुती कापडात बांधून ठेवावी. आमच्या वडिलांची घोंगडी कसरीने खाल्ली, ती मेंढीच्या दोषाने नव्हे; आम्ही ती दहा वर्षांत उघडून पाहिली नव्हती.

नवी घोंगडी घेऊन मामा स्वतः आले. पायरीशी थांबू लागले, तेव्हा सूनबाईंनी त्यांना आत बोलावले आणि माजघरात तीच घोंगडी अंथरून तिच्यावर बसविले. चहा झाला. ती पाहून शेजारच्या तीन घरांनी आपली मागणी सांगितली. मामांनी बोटांवर हिशेब केला आणि म्हणाले, “चार व्हतील. पर त्या धनगराला आजच निरोप धाडा. त्यानं मेंढरं इकायच्या आदी.”

निरोप मी त्याच संध्याकाळी धाडला.